तिसऱ्या टेबलावरचा शेवट

काकूंच्या घरात पुस्तक म्हणावं असं एकही नव्हतं, पण पानं मात्र पुष्कळ होती. उशीखाली पानं, फडताळात पानं, डुगडुगणाऱ्या स्टुलाच्या पायाखालीसुद्धा घडी घालून सारलेलं पान. त्यातलं एकही धड नाही. कुणावर शाई फासलेली, कुणाला मधोमध चुणी पडलेली, कुणाची घडी तिरकी बसल्यामुळे ओळी अर्ध्यावरच कापल्या गेलेल्या. पान धड असतं तर ते काकूंच्या घरी आलंच नसतं.

काकू पुस्तकं बांधायच्या कारखान्यात कामाला होत्या. तिथे छापखान्यातून मोठाले कागद यायचे, मशीन त्यांच्या घड्या घालायचं. सोळा पानांची एक घडी झाली की तिला फर्मा म्हणायचं. मग लांबलचक टेबलावर या फर्म्यांच्या थप्प्या ओळीने लावायच्या, डाव्या टोकाला पहिला, उजव्या टोकाला शेवटचा. बायकांनी डावीकडून निघायचं, प्रत्येक थप्पीवरचा एक फर्मा उचलत उजवीकडे जायचं. टोकाला पोचलं की हातात अख्खं पुस्तक, शिवायला तयार. ते ठेवायचं आणि रिकाम्या हाताने परत डावीकडे यायचं. काकूंचा उभा जन्म या चालण्यात गेला. "मी टेबलाशेजारून जेवढी चालले, तेवढ्यात माणूस समुद्रापर्यंत जाऊन आला असता," असं त्या म्हणायच्या. समुद्र काही त्यांनी बघितलेला नव्हता. त्यांच्या गावातून समुद्राकडे जायचं म्हणजे आगगाडीत झोपून उठून पुन्हा झोपावं लागे.

फर्मे ओळखायची त्यांची रीत वेगळी होती. प्रत्येक फर्म्याच्या घडीवर छापखान्यातूनच एक काळी खूण आलेली असते. पहिल्याची सगळ्यात वर, दुसऱ्याची जरा खाली, तिसऱ्याची आणखी खाली. सगळे फर्मे एकावर एक ठेवले की पाठीवर काळ्या पायऱ्यांचा जिना दिसतो. जिना नीट उतरला की पुस्तक बरोबर, पायरी चुकली की पुस्तक चूक. काकू शाळेत गेल्या होत्या त्या भावाला सोडायला आणि आणायला, मधल्या वेळात दारात बसून जेवढं कानावर आणि नजरेस पडलं तेवढंच शिक्षण. बोट ठेवून, ओठ हलवत, एकेक अक्षर जोडत वाचता यायचं. पण कामावर त्याची गरजच नव्हती. जिना बघायचा, आत काय लिहिलंय ते लिहिणारा जाणे.

वाचायला बंदीच होती म्हणा ना. फोरमन तोंडाने फटकळ, पण मनाने तसा वाईट माणूस नव्हे. तो टेबलांमधून फिरताना सांगायचा, "बायांनो, वाचलं की हात थांबतो. हात थांबला की मी ओरडतो. मी ओरडलो की माझा रक्तदाब वाढतो. तेव्हा माझ्यावर दया करा." त्याचा दुसरा नियम असा होता की धड पान मालकाचं, बिघडलेलं पान ज्याला हवं त्याचं. बाकीच्या बायका बिघडलेले फर्मे चूल पेटवायला न्यायच्या, नाहीतर डब्यांत अंथरायला. काकू नेत होत्या म्हाताऱ्यासाठी.

म्हातारा म्हणजे त्यांचा नवरा. धंद्याने सुतार, दारं आणि खिडक्यांच्या चौकटी करण्यात त्याचा हात धरणारा दुसरा कोणी नव्हता. पण लाकडाचा भुसा जन्मभर नाकातोंडात गेला, तो बाहेर आलाच नाही. आता छाती भात्यासारखी वाजायची, दोन वाक्यं बोलला की तिसऱ्याला थांबायला लागायचं. खाट दारासमोर ओढून घेतली होती, का, तर येणारं माणूस दिसलं पाहिजे. येणारं माणूस एकच होतं मनात. त्यांचा एकुलता एक मुलगा जहाजावर नोकरीला म्हणून गेला तो गेला. त्याच्या हातात रंधा कधी बसला नाही. बापाने शिकवायचा प्रयत्न केला, मग रागावून पाहिलं, मग बोलणंच सोडलं. निघायच्या दिवशी पोरगा दारात उभा राहिला, तर हा फळी तासत बसला होता, मान वर केली नाही. पोरगा म्हणाला, "बाबा, कोट खुंटीवर ठेवतोय. तिकडे गरम असतं म्हणे. परत आलो की लागेल." रंधा चालूच राहिला. पहिल्या वर्षी एक पत्र आलं, त्यात कुठल्याशा बंदराचं नाव होतं आणि तब्येतीची चौकशी. त्यानंतर काही नाही.

कोट मात्र खुंटीवर होता. जाड, गडद निळा, मोठ्या बटणांचा. काकू दरवर्षी उन्हात घालायच्या, झटकायच्या, परत तिथेच लटकवायच्या. म्हातारा खाटेवरून तो बघायचा आणि तोंड दुसरीकडे करायचा.

बाकीच्या घरांत बायको कामावरून आली की नवरा विचारतो, आज सगळं ठीक ना. हा विचारायचा, "अगं, आज काही बिघडलं का?"

"बिघडलं की. एक चांगला चुरगळलाय."

"आण इकडे."

ही वाचायची सवय लागली त्याला कारण घडलं ते असं. कारखान्यात एक मोठं काम आलं होतं. तीन टेबलं लागली त्याला. एकाच मापाचा कागद, एकसारखं अक्षर, घडीवर एकसारख्या खुणा, आणि खोक्यांवर प्रकाशकाचं एकच नाव. पहिल्या टेबलावर एक जाडजूड, दुसऱ्यावर एक किरकोळ, तिसऱ्यावर पुन्हा जाडजूड असे संच जुळत होते. काकूंनी मनाशी हिशोब बांधला की कोणीतरी लांबलचक गोष्ट लिहिलीय, एका पुस्तकात मावली नाही म्हणून तीन केली. पहिल्या टेबलावर सुरू होते, तिसऱ्यावर संपते. अख्खा जन्म डावीकडून उजवीकडे चाललेल्या बाईला दुसरं काय सुचणार. पुस्तकाचं नाव सांगणारं पान सगळ्यात पहिल्या फर्म्यात असतं, आणि तो फर्मा छापखाना नेहमी सगळ्यात शेवटी छापतो. वेष्टणं तर त्याहूनही मागून येतात. म्हणजे पुस्तकाचं नाव सगळ्या जगाच्या आधी ज्यांच्या हातात पुस्तक पडतं, त्यांनाच सगळ्यात उशिरा कळतं.

तर या कामातला पहिला बिघडलेला फर्मा घरी आला. काकूंनी सहज म्हणून दोन ओळी वाचल्या. एका मच्छीमाराचा धाकटा मुलगा बापाशी भांडून जहाजावर चढतो आणि बाप किनाऱ्यावर त्याच्याकडे पाठ करून होडी दुरुस्त करत राहतो.

म्हाताऱ्याने डोळे उघडले. "पुढे वाच."

"पुढे नाही. एवढंच बिघडलं."

"मग उद्या बघ. उद्या बिघडेल."

तेव्हापासून या घरात दोघंही पानं बिघडायची वाट बघायला लागले. आणि पानं काही ओळीने बिघडत नाहीत. आज पहिल्या टेबलावरचं मधलं, उद्या तिसऱ्यावरचं सुरुवातीचं. मधली चांगली निघालेली पानं गेली मालकाच्या खोक्यात, आणि तेवढी गोष्ट त्या दोघांनी आपल्या मनाने भरून काढायची. धाकटा एका फर्म्यात जहाजावर भांडी घासत होता, पुढच्या फर्म्यात एकदम त्याला दाढी आलेली होती. "घासता घासता मोठा झाला," म्हातारा म्हणाला.

दुसऱ्या टेबलावरचा फर्मा आला तेव्हा दोघंही चक्रावले. पानभर जागा आणि मधे चार ओळी.

"काय म्हणतोय?"

काकूंनी बोट ठेवून वाचलं:

"लाट येते,
हात लावते,
ओळखत नाही,
परत जाते."

"मग?"

"मग काही नाही. खाली कोरं आहे."

"कागद फुकट घालवलाय," म्हातारा म्हणाला. एवढी मोठी फळी आणि एवढीशी खुंटी, हे सुताराच्या डोक्यात बसेना. पण थोड्या वेळाने म्हणाला, "तो बाप म्हणतोय हे. वाट बघून दमलाय तो. दमलेला माणूस मोठमोठी वाक्यं कशाने बोलणार? माझ्याकडे बघ."

काकूंना पटलं. त्यानंतर दुसऱ्या टेबलावरची पानं आली की त्या सावकाश, धापा टाकत वाचायच्या, आणि म्हातारा मान डोलवायचा.

तिसऱ्या टेबलावरच्या पानांत वेगळंच निघालं. जुनं बंदर, तिथे कुठून कुठून गलबतं यायची, काय उतरायचं, किल्लेदार कोण, जकात कोणी घ्यायची. धाकट्याचा पत्ता नाही.

"भरकटला लिहिणारा," काकू म्हणाल्या.

"भरकटला नाही. पोरगा ज्या बंदरात उतरला ते किती जुनं ते सांगतोय. माणूस कुठे गेलाय ती जागा कळायला नको? आपल्याला कळलीय का?"

काकूंनी तो फर्माही उशीखाली सारला. तीन लेखकांची तीन पुस्तकं त्या खोलीत अशी एका दोऱ्यात शिवली गेली, आणि खरं सांगायचं तर शिवण कुठे उसवलेली दिसत नव्हती. तिन्हीकडे तीच वाळू, तेच पाणी, आणि पाण्याकडे बघत उभी असलेली माणसं.

दवाखान्यातली डॉक्टरीणबाई पंधरवड्याला येऊन जायची. तिने काकूंना बाहेर बोलावून सांगितलं, "छाती बरी होणार नाही. पण पोटात अन्न जात राहिलं तर बरेच दिवस निघतील. खायला घाला."

खायला घाला म्हणणं सोपं असतं. म्हातारा तोंड मिटून घ्यायचा. मग काकूंनी तोड काढली. एका हातात वाटी, दुसऱ्या हातात फर्मा. घास गिळला की ओळ.

"हा घास घ्या, मग सांगते होडीचं काय झालं."

"आधी होडीचं सांग."

"आधी घास."

"कैदाशीण आहेस."

"आहे. तोंड उघडा."

तो उघडायचा. होडीचं वर्णन आलं की सुतार जागा व्हायचा. लिहिणाऱ्याने होडीला कुठलं लाकूड वापरलंय ते ऐकून म्हणाला, "बुडणार ही. हे लाकूड पाण्यात फुगतं." पुढच्या फर्म्यात होडी धडधाकट तरंगताना दिसली तर म्हणाला, "नशीब." पण वाटी रिकामी झालेली असायची.

एक दिवस त्याने वाटी हाताने बाजूला केली आणि म्हणाला, "ऐक. तो पोरगा परत आला ना पुस्तकात, तर आपलाही येणार."

"अहो, पुस्तकाचं काय घेऊन बसलात. लिहिणाऱ्याच्या मनात येईल तसं."

"लिहिणारा किनारा बघून आलेला आहे. तू बघितलायस? मी बघितलाय? मग तिकडे गेलेली पोरं परत येतात की नाही ते त्याला जास्त कळणार की आपल्याला?"

काकूंनी वाटी पुन्हा पुढे केली. त्यांनी एवढंच म्हटलं, "मग शेवटापर्यंत जेवायला लागेल."

"जेवीन."

आणि तो जेवला. अंग वाळत चाललं होतं, आवाज घोगरा होत चालला होता, पण घास जात होता. काकू कामावर जाताना मनात एकच धरून जायच्या, आज शेवटचा फर्मा यावा आणि तो बिघडावा. पहिल्या टेबलाच्या उजव्या टोकाची थप्पी केव्हाच येऊन पडली होती. काकू रोज त्या थप्पीवरचा फर्मा उचलत, संचावर ठेवत, परत फिरत. त्यांच्या हिशोबाने तो पहिल्या पुस्तकाचा शेवट होता. त्यांना हवा होता तिसऱ्या टेबलाचा. आणि तीच थप्पी येत नव्हती. कसला तरी नकाशा चुकला होता म्हणे, छापखाना अडून बसला होता.

शेजारच्या टेबलावरची चष्मेवाली विचारायची, "काकू, रोज काय दाराकडे बघता? जावई यायचाय का?"

"मुलगी नाही मला. जावई कुठला येतो?"

"मग कोण यायचंय?"

"थप्पी," काकू म्हणाल्या, आणि चष्मेवाली हसली.

आली एकदाची. हमालाने खोकी उतरवली, काकूंनी स्वतःच्या हाताने थप्पी तिसऱ्या टेबलाच्या उजव्या टोकाला लावली. दिवसभर डोळ्यात तेल घालून पाहिलं. एकही फर्मा बिघडला नाही. घड्या सरळ, शाई स्वच्छ. एवढं नीट काम त्या मशीनने कधी केलं नव्हतं.

सुटायची वेळ झाली तेव्हा काकूंनी इकडेतिकडे पाहिलं, अंगठा खळीच्या डब्यात बुडवला आणि वरच्या फर्म्यावर टेकवला. चिकट, पिवळा, ठसठशीत डाग उठला. एवढ्या वर्षांत त्यांनी धड पान कधी बिघडवलं नव्हतं. मान वर केली तर समोर फोरमन.

तो डागाकडे बघत राहिला, मग काकूंच्या अंगठ्याकडे.

"काकू, आज हाताला कंप दिसतोय."

"वय झालं."

"कसे आहेत घरी?"

"आहेत."

"बिघडलेलं पान इथे ठेवू नका मग. दुसऱ्या पानाला चिकटेल," असं म्हणून तो पाठ फिरवून गेला. तो दया करायला गेला, आणि त्याला तरी कसं कळावं.

म्हाताऱ्याने त्या दिवशी बिघडलं का म्हणून विचारलंच नाही. काकूंच्या चेहऱ्यावरूनच त्याने ओळखलं. "आलं?"

"आलं. शेवटचं आहे. आधी जेवा."

"नाही. आज आधी वाच."

काकूंनी वाटी खाली ठेवली. खळ अजून ओलसर होती, पान बोटाला चिकटत होतं. वाचायला लागल्या. जुन्या बंदरावर वादळ आलं. बाहेर गेलेली गलबतं बाहेरच राहिली. किनाऱ्यावर बायका, म्हातारे, पोरं किती तरी दिवस उभी राहिली. पाण्यावर फळ्या आल्या, पिंपं आली, दोर आले. काकू अडखळत होत्या, जोडाक्षरं फोडत होत्या, आणि म्हातारा त्यांच्या ओठांकडे बघत होता.

शेवटचा परिच्छेद छोटा होता. "गेलेल्यांपैकी कोणीही परत आले नाही. त्यानंतर हे बंदर ओस पडले. आज त्या किनाऱ्यावर वाळूखेरीज काही नाही." त्याखाली एक आडवी रेघ होती. रेघेखाली कोरं.

खोलीत नुसता त्याचा श्वास वाजत होता.

"धाकट्याचं काय म्हटलंय?"

"त्याचं वेगळं काही नाही."

"परत बघ."

काकूंनी पान उलटंसुलटं केलं. "कोणीही म्हटलंय. कोणीही परत आले नाही."

"कोणीही म्हणजे तोही."

"अहो, कदाचित तो त्या गलबतावर नसेलच. लिहिणारा विसरला असेल सांगायला."

"एवढं लिहिणारा माणूस हे विसरतो होय," तो म्हणाला. मग बराच वेळ खुंटीकडे बघत राहिला. "बाप काय करत होता शेवटी? होडी?"

"बापाचंही काही नाही लिहिलेलं."

"नसेलच. काय लिहिणार."

काकूंनी वाटी उचलली, चमचा ओठांशी नेला. त्याने तोंड उघडलं नाही. रागाने नव्हे. दुकान बंद केल्यावर माणूस फळी लावतो तसं शांतपणे त्याने ते मिटलं होतं.

दुसऱ्या दिवशी वरच्या मजल्यावरचा नळवाला नेहमीप्रमाणे चौकशीला डोकावला. चांगला मुलगा, दिवसभर पाण्यात हात घालून काम, अंगात नुसता पातळ सदरा, आणि बाहेर गारठा पडायला लागलेला. म्हाताऱ्याने त्याला हाताने थांबवलं आणि काकूंना म्हणाला, "त्याला कोट दे."

"कोणता कोट?" काकूंनी विचारलं. घरात कोट एकच होता.

"खुंटीवरचा. दे त्याला. घालू दे कोणीतरी."

"अहो..."

"दे म्हणतो ना. किती वर्षं उन्हात घालत बसणारेस?"

नळवाला कानकोंडा झाला. "नको बाबा, राहू द्या, मी काय..." काकूंनी कोट काढला. खुंटीमागे भिंतीवर कोटाएवढी जागा स्वच्छ राहिली होती, बाकी भिंत धुराने पिवळी. त्यांनी तो नळवाल्याच्या हातात दिला आणि म्हणाल्या, "घे. त्यांना बरं वाटेल."

बरं वाटलं असं काही दिसलं नाही. त्याने खाट भिंतीकडे वळवून घेतली. आता दाराकडे बघायचं कारण उरलं नव्हतं. डॉक्टरीणबाई आली, नळी घालूया म्हणाली, तो मान हलवून नाही म्हणाला. काकूंनी उशीखालचे जुने फर्मे काढले, आधीचं पुन्हा वाचू का म्हणून विचारलं. "शेवट माहीत आहे," तो म्हणाला. आठवडाही काढला नाही त्याने. एका सकाळी काकू चहा घेऊन आल्या, आणि खोलीत भाता वाजत नव्हता.

माणसं आली, घेऊन गेली. नळवाल्याने खांदा दिला. थंडी होती म्हणून तो कोट घालून आला होता, आणि ते चूक की बरोबर हे त्याला कळत नव्हतं, काकूंनाही.

काकू कामावर परत आल्या त्या दिवशी कारखान्यात गडबड होती. वेष्टणं आली होती, पहिले फर्मेही आले होते. बायकांनी काकूंच्या पाठीवर हात ठेवला, कोणी पाणी दिलं, कोणी नुसतीच जवळ उभी राहिली. मग सगळ्या कामाला लागल्या. चष्मेवालीच्या पुढ्यात तीन रंगांची वेष्टणं पडली होती. एकावर होडी आणि एक माणूस, दुसऱ्यावर नुसती पाण्याची रेघ, तिसऱ्यावर जुनं गलबत.

"तिन्ही वेगवेगळी का?" काकूंनी विचारलं. काहीतरी बोलायचं म्हणून.

"वेगळीच ना. ही कादंबरी, ह्या कविता, हा कुठल्याशा बंदराचा इतिहास. तिन्हीत किनारा आहे म्हणून एका खोक्यात घालून विकणार. आयडिया आहे प्रकाशकाची."

"पण गोष्ट एकच ना?"

"एकच कशी असेल काकू? लिहिणारे तीन आहेत. एक तर बाईमाणूस आहे, हे बघा नाव."

काकूंनी नाव बघितलं नाही. विचारलं, "मग पहिलीतली गोष्ट कुठे संपते?"

"कुठे म्हणजे? पहिलीतच. त्या तिथे," म्हणून चष्मेवालीने हनुवटीने पहिल्या टेबलाचं उजवं टोक दाखवलं.

काकू तिथे गेल्या. ती थप्पी त्यांच्या ओळखीची होती. रोज तिला हात लागत होता, मोजदाद नाही इतका. वरचा फर्मा उचलला, शेवटचं पान काढलं, बोट ठेवलं आणि भर कामाच्या वेळी, उभ्याने वाचायला लागल्या.

संध्याकाळ. बाप होडीच्या फटींत कापूस ठोकत बसलाय. कोणीतरी मागे येऊन उभं राहतं. पलीकडे जायचं असणारं गिऱ्हाईक असेल असं बापाला वाटतं. मान वर न करता तो म्हणतो, "होडी आज नाही निघत. उद्या या." मागचा माणूस म्हणतो, "मला जायचं नाही. मी आलोय." बापाचा हात थांबतो. तरी तो वर बघत नाही. शेजारी पडलेल्या दोराचं एक टोक उचलून मागे धरतो आणि म्हणतो, "मग हे धर." मागचा माणूस ते टोक धरतो.

एवढंच होतं. त्याखाली तशीच आडवी रेघ, आणि कोरं.

काकू तिथेच उभ्या राहिल्या. बायका त्यांना वळसा घालून जायला लागल्या, एकेक फर्मा उचलत. फोरमन आला. तो ओरडायलाच आला होता, पण जवळ आल्यावर आवाज खाली आणला.

"काकू, हात थांबलाय."

"हो," काकू म्हणाल्या, "थांबलाय."

फोरमनला काय कळलं कोणास ठाऊक. त्याने खळीतला ब्रश घेतला, काकूंच्या हातातल्या फर्म्याच्या कोपऱ्याला टेकवला आणि म्हणाला, "हा बिघडला. घरी न्या."

काकूंनी फर्म्याची घडी नीट केली आणि तो रद्दीच्या पोत्यात टाकला. "राहू दे," म्हणाल्या. "बिघडलेली पानं पुष्कळ आहेत घरी." मग त्या डाव्या टोकाला गेल्या आणि पहिल्या थप्पीपासून चालायला लागल्या. जिना बघत होत्या. जिना अगदी बरोबर उतरत होता.

हे त्यांनी कोणाला सांगितलं नाही. सांगून काय, ज्याला सांगायचं तो ऐकायला नव्हता. मुलाचं पत्र अजूनही नाही. तो जिवंत आहे की नाही हे त्या पुस्तकात लिहिलेलं नव्हतं, कुठल्याच टेबलावर नव्हतं, एवढं काकूंना आता समजत होतं. पण समजणं वेगळं आणि डोळ्यांची सवय वेगळी.

संध्याकाळी त्या दारात बसतात. खाट काढून टाकल्यापासून आत बसवत नाही. गल्लीच्या तोंडाशी दिवा आहे, त्याच्या खालून माणसं येतात. रोज त्याच सुमाराला तो निळा कोट वळण घेतो. आधी कोट दिसतो, मग बऱ्याच वेळाने चेहरा. त्या मधल्या वेळात काकूंचा श्वास म्हाताऱ्यासारखा वाजायला लागतो. रोज ठरवतात, उद्यापासून दारात बसायचं नाही.

एकदा नळवाला थांबला. "काकू, नळ बरोबर चालतोय ना?"

"चालतोय."

"गरम आहे हो कोट. तुमची आठवण काढतो रोज."

काकूंच्या तोंडाशी आलं होतं. परत दे म्हणायचं, एवढंच. दुसरा घेऊन देते, हा दे. तेवढ्यात त्याने हात पुढे करून दाखवला. "बाह्या लांब होत होत्या, पाण्यात भिजायच्या. शिंप्याकडून आखूड करून घेतल्या. आता कशा मापात बसल्यात बघा."

काकूंनी बघितलं. शिंप्याने काम चांगलं केलं होतं, कापल्याची खूणसुद्धा दिसत नव्हती.

"बरं केलंस," त्या म्हणाल्या, आणि त्याला जिन्याकडे जायला वाट मिळावी म्हणून उंबऱ्यावरचे पाय आत घेतले.